दोनशे दहा पावलं

९ मे, शुक्रवार

ही वही पुढच्या वर्षीच्या टाचणांसाठी आणली होती. पण आज डोकं इतकं तापलंय की कुठेतरी ओतायलाच हवं.

काल पावणेपाचला गावात वादळ झालं. माझ्या धाकट्या भावाने, वसीमने गेल्या दिवाळीत उभं केलेलं खळं उडालं. खळं म्हणजे कांदा निवडून गोण्या भरायची पत्र्याची शेड. खाली बायका निवडणीला बसल्या होत्या. त्यातली एक, सुलाबाई, गेली.

मी इथे नाशिकला, तो तिथे चांदवडच्या अलीकडे. फोनवर त्याला धड बोलताही येत नव्हतं. पत्रे शेतात पडलेत, रस्त्यावर पडलेत, एक तर लिंबाच्या झाडात अडकलाय, एवढंच सांगत होता. मी म्हटलं, "आधी ते पत्रे उचल. पोरं अनवाणी हिंडतात. कोणाचा पाय कापला तर तेही तुझ्याच नावावर यायचं." त्याने ट्रॅक्टर लावून सगळे पत्रे गोळा केले आणि शाळेच्या अंगणात थप्पी लावली. लहानपणापासून माझं ऐकतो. अम्मी गेली तेव्हा तो सात वर्षांचा होता, मी बावीसची.

आज सकाळी पोलीस त्याला घेऊन गेले आणि दुपारी जामिनावर सोडलं. निष्काळजीपणाने मृत्यू. खळ्याच्या मालकाने लिहून दिलंय की वेल्डिंग कच्चं होतं. कालपर्यंत हाच माणूस येणाऱ्या-जाणाऱ्याला शेड दाखवत फिरायचा.

११ मे, रविवार

पहिल्या एसटीने गावी आले. खळं बघितलं. सोळा खांबांतले अकरा आडवे. एक खांब तर खालच्या काँक्रीटच्या गोळ्यासकट उपटून आलाय. छप्पर पेलणाऱ्या लोखंडी कैच्या पिळल्यात, धुतलेलं फडकं पिळावं तशा. आणि चाळीस पावलांवर सनीची पानटपरी जशीच्या तशी. तिच्या पत्र्यावर नुसते दगड ठेवलेत, तेसुद्धा जागचे हलले नाहीत.

एकतीस वर्षं भूगोल शिकवतेय. तिथे उभी राहिले आणि लख्ख कळलं. हे साधं वादळ नव्हतं. टोर्नॅडो होता.

सनीला विचारलं. तो म्हणाला, "मॅडम, डोंगराकडून काळी सोंड आली खाली. भोंगा वाजावा तसा आवाज. मी तर टपरीखाली घुसलो." हे पोलिसांना सांगितलं का? तर म्हणे, कोणी विचारलंच नाही. मोबाइलवर शूटिंग? "जीव वाचवू का शूटिंग करू?"

आता पत्रे कुठे कुठे पडले होते याचा नकाशा काढला असता तर सगळं सिद्ध झालं असतं. सरळ वाऱ्याने पत्रे एकाच बाजूला जातात, फिरत्या वाऱ्याने चहूकडे. पण पत्रे शाळेच्या अंगणात थप्पीला लागलेत, आकारानुसार, नीटनेटके. आणि पोलिसांच्या कागदात लिहिलंय की आरोपीने घटनास्थळावरचे पत्रे घाईघाईने हलवले.

मी सांगितलं म्हणून हलवले. माझ्या अकलेची कीव येते.

१२ मे, सोमवार

वसीम तोंडच उघडत नाही. जेवायला बसवलं तर भाकरी कुस्करत बसतो. त्याची बायको उजमा सांगते, रोज चारला बाहेर पडतात आणि सातला येतात, कुठे जातात सांगत नाहीत. मशिदीत जाऊन बसत असेल. दुआ मागायची वेळ आहे का ही? वकिलाकडे जायची वेळ आहे. मी त्याला खूप बोलले. तो म्हणाला, "हां आपा." आम्ही घरी हिंदीत भांडतो. तीच भांडणं इथे मराठीत लिहिताना जास्त धारदार वाटतात.

१५ मे, गुरुवार

शेड का पडली याचा अहवाल द्यायला सरकारी अभियंता आला. जीपमधून उतरला तो महेश. माझा विद्यार्थी, नववी ब, खिडकीजवळचा बाक. पाया पडला. मला वाटलं, सुटलो आपण.

त्याने सगळं मोजलं, फोटो काढले. मग टपरीकडे बोट दाखवून म्हणाला, "मॅडम, हे बघा. चाळीस पावलांवर साधे दगड हलले नाहीत. म्हणजे वाऱ्याला तेवढा जोर नव्हता. शेडच कमजोर होती."

मी म्हटलं, "अरे, हेच तर लक्षण आहे. टोर्नॅडो अरुंद पट्ट्यातून जातो. एक घर नेतो, शेजारचं ठेवतो."

"मॅडम, टोर्नॅडो आपल्याकडे होत नाही."

"कोणी सांगितलं?"

तो थोडा गडबडला. "तुम्हीच. नववीत. मी विचारलं होतं, माझ्या आजोळी निफाडकडे एकदा वाऱ्याने बैलगाडी उचलली होती, तो टोर्नॅडो का? तुम्ही म्हणालात, ती वावटळ. टोर्नॅडो अमेरिकेच्या मैदानात होतो. परीक्षेत भलतंसलतं लिहू नकोस, मार्क जातील."

सगळ्यांच्या समोर. आणि खरं असणार, कारण ते शेवटचं वाक्य माझंच आहे. दरवर्षी म्हणते.

यावर कडी म्हणजे महेशने वसीमला विचारलं, पायाचा खड्डा उथळ होता का? तर हा मान खाली घालून म्हणतो, "असेल साहेब." असेल काय असेल? साडेतीन फूट खणला होता, मी स्वतः तिथे उभी होते, दिवाळीची सुट्टी होती. जीप गेल्यावर मी त्याला भर रस्त्यात झापलं. भित्रा कुठला.

१६ मे, शुक्रवार

नाशिकला परत. दिवसभर वाचत बसले. लिहून ठेवते, म्हणजे राग जागेवर राहील.

अमेरिकेत वर्षाला बाराशेच्या आसपास टोर्नॅडो. कॅनडा, अर्जेंटिना, दक्षिण आफ्रिका, ऑस्ट्रेलिया. एवढ्याशा इंग्लंडमध्ये वर्षाला तीसेक, बहुतेक किरकोळ. अंटार्क्टिका सोडून एकही खंड सुटलेला नाही. सगळ्यात जास्त माणसं एका फटक्यात मेली ती बांगलादेशात, १९८९ साली, तेराशेच्या आसपास. भारतात बंगाल, ओडिशा. १९७८ साली खुद्द दिल्लीत. महाराष्ट्राच्या नावापुढे काही सापडत नाही.

अमेरिकेचा आकडा पन्नास-साठ वर्षांपूर्वी याच्या निम्मा होता. वादळं दुप्पट झाली नाहीत, बघणारे वाढले. रडार आलं, फोन आले, प्रत्येक मोडक्या कुंपणामागे जाऊन चौकशी करणारा माणूस आला. म्हणजे आम्ही पोरांकडून रंगवून घेतो तो नकाशा वादळांचा कमी आणि मोजणाऱ्यांचा जास्त आहे. जिथे मोजणारा नाही तिथे सगळं "वादळी वारे व अवकाळी पाऊस" या एका रकान्यात जातं.

एकतीस वर्षं मी तो नकाशा रंगवून घेतला. महाराष्ट्र कोरा ठेवा म्हणाले.

१९ मे, सोमवार

हवामानवाल्यांकडे गेले. खुर्चीतला माणूस सज्जन होता, चहा दिला. म्हणाला, त्या दिवशी आमच्या यंत्रावर वाऱ्याचा वेग ताशी चव्वेचाळीस किलोमीटर. मी म्हटलं, तुमचं यंत्र नाशकात, वादळ चांदवडला. तो म्हणाला, "बाई, एवढं लहान वादळ आमच्या नजरेत येत नाही. बघणारा विश्वासू साक्षीदार पाहिजे, नाहीतर वस्तू कुठे जाऊन पडल्या त्याची पक्की माहिती."

वस्तू थप्पीला लावल्यात, असं त्याला कोणत्या तोंडाने सांगू? सनीची साक्ष महेशने बाजूला ठेवली, कारण सनी वसीमचा दोस्त. नाथाच्या साक्षीला मात्र किंमत येईल. नाथा म्हणजे सुलाबाईचा नवरा. त्यानेच शेडखालून बायकोला बाहेर काढलं. तो म्हणाला सोंड होती, तर कोण नाही म्हणेल?

२१ मे, बुधवार

कालपासून पुन्हा गावी आहे. आज तिसऱ्यांदा नाथाच्या घरी गेले, तिसऱ्यांदा तो उठून मागच्या दाराने गेला. ओट्यावर त्याची बहीण कुसाबाई होती. तीही त्या दिवशी निवडणीला होती. मी तिला विचारलं, वारा कुठल्या बाजूने आला, सुलाबाई कितव्या खांबाजवळ होती, पत्रा आधी पडला की कैची?

ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "मॅडम, तुमी तिनदा आल्या. वारा इचारला, खांब इचारला, पत्रा इचारला. आमची सुला कशी व्हती, एकदा तरी इचारलं का?"

मला इतका राग आला की चप्पल घालताना पट्टाच तुटला. मी काय मजा मारायला येते का? माझा भाऊ तुरुंगात जाईल. तशीच एका पायाने फरफटत घरी आले. उजमाने विचारलं काय झालं, तर तिलाही ओरडले.

संध्याकाळपर्यंत राग उतरला नाही. पण मला आठवेना की सुलाबाईचं वय किती होतं.

२३ मे, शुक्रवार

आज नाथाकडे गेले. वही नाही, पेन नाही. ओट्यावर बसले आणि म्हटलं, सुलाबाईबद्दल सांगा.

मग कुसाबाईच बोलायला लागली. सुला एकोणचाळीसची. माहेर हरसूलचं. कांदा निवडताना गाणी म्हणायची आणि मध्येच एखादीची नक्कल करायची, मालकाचीसुद्धा. साडीवर नवऱ्याचा जुना शर्ट घालायची, सगळ्याच घालतात, पण हिच्या शर्टाच्या खिशात कायम बडीशेप. मुलगी वैष्णवी बारावीला. मी ऐकत राहिले. एकदाही खांबाचा विषय काढला नाही, अल्ला कसम.

चार वाजून गेले असतील. नाथाने दाराबाहेर बघितलं आणि म्हणाला, "आला तुमचा भाऊ."

समोरच्या बाभळीखाली वसीम येऊन बसला होता. जमिनीवर, पाय जवळ घेऊन. नाथा म्हणाला, "रोज येतो. बोलत नाय, आत येत नाय. दिवस मावळला का जातो. पयल्यांदा मी दगड उचलला व्हता त्याच्याव. आता मला बघवत नाय."

मशिदीत बसतो म्हणून मी त्याला काय काय बोलले होते.

नाथाने दार लोटलं. "मॅडम, तुमी बाईमाणूस, मास्तरीण. तुमाला सांगतो. पर शब्द द्या, हे कोणाला सांगायचं नाय. त्याला बी नाय." मी शब्द दिला. काय ऐकायचंय हे माहीत नसताना दिला.

सुलाबाई शेडखाली मेलीच नाही.

वादळ गेलं तेव्हा ती शेडमध्ये नव्हतीच. नाथा आणि कुसाबाई पावसात हाका मारत फिरले. सहादूच्या मळ्याच्या बांधाला सापडली, दोन वावरं ओलांडून, डोकं दगडावर आपटलेलं. अंगावर साडी नव्हती. शर्ट नव्हता. काहीच नव्हतं. वाऱ्याने सगळं नेलं होतं.

कुसाबाईने आपला शर्ट काढून तिच्यावर टाकला. नाथा घरी पळाला, साडी घेऊन आला, दोघांनी मिळून तिला नेसवली. मग त्याने तिला उचलून आणलं आणि पडलेल्या पत्र्याच्या कडेला ठेवलं. माणसं गोळा झाली तेव्हा बायको पत्र्याखाली सापडली म्हणाला. "गावानं तिला तशी बघायची नाय. बघितली असती तर जल्मभर तेच बोलले असते. पोरीचं लगीन व्हायचंय."

टोर्नॅडो अंगावरचे कपडे नेतो. मी गेल्या आठवड्यात वाचलं होतं, बांगलादेशच्या माहितीत. वाचून पान उलटलं होतं.

बाहेर आले. वसीम उठून उभा राहिला. मी त्याच्याकडे न बघता पुढे चालायला लागले.

२४ मे, शनिवार

वसीमने काल रात्री काही खाल्लं नाही. आज सकाळी उजमाला म्हणाला, "मी साहेबांना सांगतो चूक माझी. एकदाचं संपू दे." ती माझ्याकडे रडत आली. मी म्हटलं, त्याला सांग, आठवडाभर थांब.

एक वाक्य बोलले असते की बस. तुझ्या पत्र्याने ती मेली नाही. एवढंच. जिभेच्या टोकावर होतं. पण हा ते पोटात ठेवणारा माणूस नाही. तो नाथाच्या पायावर जाऊन पडेल, उजमाला सांगेल, दुपारपर्यंत गावभर होईल.

२५ मे, रविवार

राग कोणाचा करू याची रांग लागलीय. खळ्याच्या मालकाचा, तो तर आहेच. महेशचा. नाथाचा येतो, मग लाज वाटते. गावाचा येतो. मेलेल्या बाईची साडी वाऱ्याने नेली तर त्यात बोलण्यासारखं काय आहे? पण बोलतील, मला माहीत आहे, मी याच गावात वाढले. तिला आधी झाकावं असंच मलाही सुचलं असतं.

दुपारी निनावी पत्र लिहायला घेतलं. "मयत महिला अन्यत्र सापडली असून..." चार ओळी झाल्या आणि फाडलं. अक्षर तर महेश ओळखेलच.

वसीम चारला बाभळीखाली गेला. मी गच्चीवरून बघत होते.

२७ मे, मंगळवार

आज महेश अहवालाचा मसुदा घेऊन आला. खळ्याच्या जागेवर टेबल टाकलं. दोन पंच, मालक, वसीम, मी. नाथा आणि कुसाबाईला साक्षीच्या सहीसाठी बोलावलं होतं.

महेशने वाचून दाखवलं. निकृष्ट पाया, सदोष जोडकाम. आणि, "मयत सुलाबाई ही कोसळलेल्या पत्र्याखाली दबून जागीच मृत झाली." वसीम उभा होता. ते वाक्य ऐकताना त्याने डोळे मिटून घेतले.

नाथाने सही केली. मग कुसाबाईच्या पुढे शाईचा डबा सरकवला. तिने अंगठा शाईत बुडवला आणि तसाच वर धरून ठेवला.

"हे खोटं हाय," ती म्हणाली.

नाथा म्हणाला, "कुसा, गप."

"तू गप. तुझी सही झाली. माझा अंगठा माझा हाय. त्या पोराकडं बघ जरा. तीन आठवडे झाले, आपल्या दारात कुत्र्यावानी बसून ऱ्हातो. सुला असती तर तिनं आपल्या दोघांच्या थोबाडात दिली असती." मग महेशकडे वळली. "साहेब, ती हितं नव्हती. सहादूच्या बांधाला व्हती."

"मग इथे कशी आली?"

"आम्ही आणली."

"का?"

नाथा उठला आणि चालायला लागला. कोणाकडे बघितलं नाही. तो रस्त्याला लागेपर्यंत कुसाबाई थांबली. महेशने पुन्हा विचारलं, जरा कडक आवाजात, कारण मालक मध्येच म्हणाला होता की या लोकांना पढवलंय. माझा तोल गेला. मी म्हटलं, "महेश, आधी या दोन पंचांना आणि या मालकाला बाहेर घालव. मग विचार." वर्गातला आवाज लागला असणार. तो उठला आणि त्यांना टपरीकडे पाठवून आला. वसीमला मी जाऊ दिलं नाही.

कुसाबाईने सांगितलं. एका दमात, जमिनीकडे बघत. शेवटी म्हणाली, "लिवा आता काय लिवायचं ते."

महेशचं पेन थांबलं होतं. मग तो उठला, टेप घेतली, ती तेवढी लांब पुरेना म्हणून पावलं मोजत निघाला. आम्ही मागोमाग. ओल्या ढेकळांतून सहादूच्या बांधापर्यंत. दोनशे दहा. होकायंत्र मोबाइलवर होतं. ईशान्य. शेडचे खांब पडले होते ते नैर्ऋत्येला, बरोबर उलट बाजूला. तो एकदा इकडे बघे, एकदा तिकडे.

तिथेच बांधावर बसून त्याने लिहिलं आणि मला वाचायला दिलं. "मयत ही शेडपासून अंदाजे २१० पावलांवर ईशान्येस आढळली. मृतदेह झाकण्याच्या हेतूने नातेवाइकांनी हलवला." साडीबद्दल एक अक्षर नाही. पुढे, "तीव्र फिरत्या वाऱ्याची शक्यता नाकारता येत नाही. मृत्यूचा संबंध बांधकामाशी जोडता येत नाही."

मी म्हटलं, "टोर्नॅडो लिही."

"मॅडम, तो शब्द वापरायला नोंद लागते. आधीची एकही नोंद नाही."

"नोंद कोणीतरी पहिल्यांदा करावीच लागते."

"तेवढं नका सांगू मला. 'शक्यता' लिहिलंय, तेही वरचे कापतील कदाचित. वसीमभाईंना त्रास होणार नाही, एवढं मी बघतो." मला त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली आणि त्याच क्षणी त्याच्या डोक्यावरून हात फिरवावासा वाटला. दोन्ही केलं नाही.

२८ मे, बुधवार

काल बांधावरून परत येताना वसीम मागे राहिला होता. मला वाटलं, रडत असेल, रडू दे. तीन आठवड्यांचं ओझं उतरलंय.

आज सकाळी वसीमच्या दुकानात गेले. तो वेल्डिंगचा चष्मा पुसत बसला होता. चेहरा मोकळा दिसत होता, म्हणून मीही मोकळेपणाने बोलले असेन. म्हटलं, नाथाला मी शब्द दिला होता, नाहीतर तुला आधीच सांगितलं असतं.

त्याचा हात थांबला. "तुला माहीत होतं?"

"हो."

"कधीपासून?"

"शुक्रवारपासून."

त्याने बोटांवर मोजलं, लहानपणी पाढे म्हणताना मोजायचा तसं. शुक्रवार, शनिवार, रविवार, सोमवार. "आपा, या चार दिवसांत मी तिला रोज मारलं. आणि तू समोर बसून मला भाकरी खायला सांगत होतीस."

मी म्हटलं, दिलेला शब्द होता. एका मेलेल्या बाईच्या अब्रूचा प्रश्न होता.

"हां आपा. बरोबर केलंस," तो म्हणाला, आणि मशीन चालू केलं. ठिणग्या उडायला लागल्या की तिथे थांबता येत नाही.

दुपारच्या एसटीने नाशिकला आले. आता संताप संताप होतोय, आणि या वेळी रांग नाही, मी एकटीच उभी आहे. चार दिवस मी त्याच्या ताटात भाकरी वाढली आणि त्याला जळू दिलं. पण पुन्हा तीच वेळ आली आणि नाथाने पुन्हा दार लोटून शब्द मागितला, तर मी पुन्हा देईन आणि पुन्हा पाळीन. हे मी वसीमला कधीच सांगू शकणार नाही.